महायुद्धातलं ख्रिस्ती घर आणि त्याची स्तुतिगीतं : कोकणातली कथा लिहू पाहणाऱ्यांसाठी

कोकणातल्या ख्रिस्ती कुटुंबाची दुसऱ्या महायुद्धाच्या काळातली कथा लिहायला घेतली की पहिल्या खर्ड्यात दोन गोष्टी हमखास येतात. एक म्हणजे भोंगा वाजतो आणि सगळे अंधारात पळतात. दुसरी म्हणजे शेवटच्या पानावर कुणीतरी डोळे पुसत स्तुतिगीत म्हणतं. भोंगे मुंबईत होते. हर्णैच्या किंवा वेंगुर्ल्याच्या वाडीत विजेचे दिवेच नव्हते, तिथे ब्लॅकआउट कसला करणार? आणि स्तुतिगीत ही शेवटी लावायची झालर नव्हे. युद्ध या किनाऱ्यावर टपालातून, तांदळाच्या मापातून आणि घरातल्या रिकाम्या पाटावरून आलं. या घरांतल्या माणसांना ते सोसायला आठवड्यातून एकदा तरी एकत्र गाण्याची सवय होती. कोणतं गीत, कोणत्या दिवशी, कुणाच्या तोंडी, कोणत्या भाषेत, एवढं अचूक ठरलं की अर्धी कथा आपोआप उभी राहते.

इथे चार-पाच हजार शब्दांची कथा डोळ्यांसमोर धरली आहे. कादंबरी असेल तर मेहनत वाढेल, क्रम तोच राहील.

आधी मंडळी ठरवा

‘ख्रिस्ती कुटुंब’ एवढ्यावर भागत नाही. ते कोणत्या मंडळीतलं, म्हणजे कोणत्या चर्चच्या समुदायातलं, हे ठरायला हवं. कोकणात या दोन शब्दांत तीन-चार वेगळी जगं आहेत आणि त्यांची सरमिसळ झाली की जाणकार वाचक पहिल्याच पानावर पुस्तक मिटतो.

पहिलं जग मिशनच्या प्रोटेस्टंट मंडळींचं. स्कॉटिश मिशनरी १८२३ मध्ये बाणकोट-हर्णैला उतरले, पण पुढे त्यांचं काम मुंबई-पुण्याकडे सरकलं. दक्षिणेत अमेरिकन प्रेस्बिटेरियन मिशन कोल्हापुराहून घाट उतरून रत्नागिरीत आलं आणि नंतर वेंगुर्ल्यात. वेंगुर्ल्याला त्यांचं हॉस्पिटल होतं. (तिथल्या मिशनरी डॉक्टरांचा १९१९ मध्ये वेंगुर्ल्यात जन्मलेला मुलगा पुढे प्रिन्स्टन विद्यापीठाचा अध्यक्ष आणि भारतात अमेरिकेचा राजदूत झाला. कथेत उपयोग नाही, पण गाव किती दूरवर जोडलेलं होतं हे त्यावरून कळतं.) ही मंडळी मराठीत उपासना करत, मराठीत गात. घरी बायबल वाचलं जाई, मुलं मिशन शाळेत जात, आडनावं बहुधा जुनीच राहत.

दुसरं जग मालवण, वेंगुर्ला, सावंतवाडीकडच्या कॅथलिकांचं. नातीगोती गोव्यात, आडनावं फर्नांडिस आणि डिसोझा, घरात मालवणी किंवा कोंकणी, आईबापांना माय-पाय. तिसरं वसईचं, जिथे सामवेदी आणि वाडवळी बोलणारी कॅथलिक गावं आहेत. चौथं रेवदंड्याजवळच्या कोर्लईचं. तिथली बोली पोर्तुगीजवळणाची आहे. नवख्याने कोर्लई निवडू नये. ती बोली कानावर पडल्याशिवाय संवाद लिहिता येणार नाहीत.

सर्वांत जास्त फसगत होते ती इथे : १९४२ मधल्या कॅथलिक मिस्सेत, म्हणजे चर्चमधल्या मुख्य उपासनेत, सगळा गाव मराठी स्तुतिगीत गातोय असं दृश्य. मिस्सा तेव्हा लॅटिनमध्ये होती. लोकभाषेला वाट मिळाली ती दुसऱ्या व्हॅटिकन परिषदेनंतर, म्हणजे १९६२ ते ६५ नंतर. मग कॅथलिक कुटुंबाच्या कथेत लोकभाषेतलं गाणं येणार कुठे? घरी, वाडीतल्या क्रूसापाशी, मिरवणुकीत, लग्नात. क्रूसापाशी होणारं लादीन हे नवख्या लेखकाला मिळालेलं घबाड आहे. संध्याकाळ, मेणबत्त्या, संतांची नावं एकामागून एक, आणि प्रत्येक नावाला सगळ्यांचं ‘ओरा प्रो नोबिस’. अक्षर न वाचता येणारी आजी ते लॅटिन एकही स्वर न चुकता म्हणते. अर्थ विचाराल तर ‘आमच्यासाठी माग’ एवढाच तिला ठाऊक, आणि युद्धात तेवढा पुरतो.

एक कुटुंब, एक मंडळी, एक गाव. दुसरी मंडळी हवीच असेल तर शेजारी म्हणून आणा.

दोन कॅलेंडरं शेजारी ठेवा

कोऱ्या कागदावर दोन रकाने आखा. डावीकडे युद्ध, उजवीकडे चर्चचं वर्ष. ईस्टर दर वर्षी हलतो, म्हणून उजवा रकाना अंदाजाने भरू नका. ईस्टरच्या तारखा अशा : १९४२ मध्ये ५ एप्रिल, १९४३ मध्ये २५ एप्रिल, १९४४ मध्ये ९ एप्रिल, १९४५ मध्ये १ एप्रिल.

आता डावा रकाना. १५ फेब्रुवारी १९४२ ला सिंगापूर पडलं, ८ मार्चला रंगून. ५ एप्रिल १९४२ ला जपानी विमानांनी कोलंबोवर बॉम्ब टाकले. उजवीकडे पाहा : तोच ईस्टरचा रविवार. दुसऱ्या दिवशी विशाखापट्टणम आणि काकिनाडा. म्हणजे पुनरुत्थानाची आनंदगीतं गाऊन घरी आलेल्या माणसांच्या कानावर चार दिवसांत समुद्रावरच्या हल्ल्याची बातमी येणार, आणि समुद्र तर दारातच. असा योगायोग कल्पनेने रचावा लागत नाही, रकाने भरले की तो समोर येतो.

दुसरं उदाहरण. ९ मार्च १९४३ च्या रात्री गोव्यात मार्मागोवा बंदरात जर्मन जहाज एरेनफेल्स आणि त्याच्या सोबतची जहाजं जळून बुडाली. त्या वर्षीचा राखेचा बुधवार, म्हणजे ईस्टरआधीच्या उपवासकाळाचा पहिला दिवस, १० मार्चला होता. म्हणजे ती रात्र इंत्रुजची, गोव्यात कार्निव्हलची. वेंगुर्ल्याच्या कॅथलिक घराचे नातलग नेमके तिकडे असू शकतात. पण इथे एक खड्डा आहे. ही कामगिरी कलकत्त्याच्या हौशी घोडदळाच्या, बोटीने आलेल्या प्रौढ स्वयंसेवकांनी केली, हे बाहेर यायला कित्येक वर्षं गेली. तुमच्या पात्राला १९४३ मध्ये फक्त एवढंच कळेल की पोर्तुगिजांच्या बंदरात जर्मन बोटी पेटल्या. पात्राच्या तोंडी इतिहासाचं पुस्तक घालू नका. मार्मागोवा वेंगुर्ल्याहून पन्नासेक किलोमीटरवर आहे, तेव्हा आगीचा उजेडही दाखवू नका. बातमी माणसाच्या तोंडून येऊ द्या, थोडी चुकीची येऊ द्या.

तिसरं : १४ एप्रिल १९४४, शुक्रवार, दुपारी चारनंतर मुंबईच्या व्हिक्टोरिया डॉकमध्ये फोर्ट स्टिकिन या जहाजावर दोन स्फोट झाले. जहाजात दारूगोळा, कापूस आणि सोन्याच्या विटा होत्या. गोदीत, गिरण्यांत, गोदामांत कोकणातली माणसं किती होती हे सांगायला नको. ईस्टर होऊन पाच दिवस झालेले. सणाला गावी आलेला मुलगा आगबोटीने परतला की आणखी दोन दिवस राहिला, यावर एक अख्खी कथा उभी राहते.

उजवा रकाना गीत निवडायलाही लागतो. ईस्टरआधीच्या उपवासकाळात कॅथलिक ‘आलेलुया’ गात नाहीत. मार्च १९४४ च्या प्रसंगात तो शब्द आला की चूक झालीच. प्रेस्बिटेरियन मंडळीत हे बंधन तितकं कडक नव्हतं.

आणि घड्याळ. सप्टेंबर १९४२ पासून ऑक्टोबर १९४५ च्या मध्यापर्यंत सरकारी घड्याळं तासभर पुढे होती. त्या काळात ‘संध्याकाळी सहाची उपासना’ लिहिलीत तर ऊन अजून चांगलं वर असणार. वाडीतली माणसं अर्थात सूर्यावर चालत. पाळक, म्हणजे मंडळीचा पाद्री, घड्याळ पाहतो आणि मंडळी उन्हाकडे पाहून येते, यात थोडा विनोदही साधता येतो.

नकाशा आणि वाट

आजचा नकाशा गुंडाळून ठेवा. सिंधुदुर्ग जिल्हा १९८१ चा, त्याआधी मालवण, वेंगुर्ला, देवगड सगळं रत्नागिरी जिल्ह्यात. रायगड तेव्हा कुलाबा. सावंतवाडी आणि जंजिरा ही संस्थानं. कोकण रेल्वे पूर्ण सुरू झाली १९९८ मध्ये, एसटी १९४८ मध्ये. म्हणून १९४३ च्या कथेतला शिपाई एसटीतून उतरला तर कथा तिथेच संपली. तो आगबोटीने येईल, किंवा कोल्हापूर-बेळगावपर्यंत रेल्वेने आणि पुढे घाट उतरून सर्व्हिस मोटारीने. पेट्रोलच्या टंचाईत अशा कित्येक मोटारी कोळशाच्या गॅसवर चालत. मागे भट्टी, चढाला दम लागणार, उतारू खाली उतरून चालणार.

आगबोट धक्क्याला लागत नसे, खोल पाण्यात उभी राहायची आणि पडावातून माणसं काठावर यायची. पावसाळ्यात ती बंद. हे लक्षात ठेवलंत तर कथेला फुकट ताण मिळतो : जून ते सप्टेंबर वाडीला बातमी उशिरा पोचते. १९४२ चा ऑगस्ट त्यातच येतो.

युद्ध घरात कुठून शिरतं

माणूस कुठे गेला ते आधी ठरवा. पलटणींची भरती तेव्हा जातवार चाले, त्यामुळे ख्रिस्ती मुलाला सरळ मराठा पलटणीत घालण्याआधी थांबा. माणगाव तालुक्यातले यशवंत घाडगे १० जुलै १९४४ ला इटलीत पडले आणि त्यांना व्हिक्टोरिया क्रॉस मिळाला, हे सगळ्यांना माहीत असतं, म्हणून नवखा लेखक आपल्या नायकालाही तिथेच नेतो. मिशन हॉस्पिटलात ड्रेसिंग शिकलेला मुलगा लष्करी दवाखान्यात, इंग्रजी चार इयत्ता झालेला कारकुनीत, किनाऱ्यावरचा पोरगा खलाशी म्हणून व्यापारी बोटीवर किंवा नौदलात, हे जास्त पटतं. इंडियन आर्मी मेडिकल कोअर हे नाव एप्रिल १९४३ नंतरचं, त्याआधी इंडियन हॉस्पिटल कोअर. मुलगी नर्स म्हणून गेली तर कथा आणखी वेगळी होईल, आणि अशा कथा मराठीत फारशा नाहीत.

घरी काय येतं? मनिऑर्डर येते. पत्र येतं, त्यावर गावाचं नाव नसतं, फील्ड पोस्टाचा नंबर असतो आणि सेन्सॉरने काही ओळी काळ्या केलेल्या असतात. तार येते. ती इंग्रजीत, म्हणून ती कोण वाचतो हा प्रसंगाचा कणा आहे. मास्तर, पाळक, की शाळेतली पोर? तार ‘मेला’ असंच सांगेल असं नाही. सिंगापूर पडल्यावर हजारो घरांना ‘बेपत्ता’ एवढंच कळलं, कैदेत असल्याचं कळायला महिनेच्या महिने गेले. मोजक्या शब्दांचं छापील कार्ड आलं तर आलं. मेल्याच्या बातमीपेक्षा ही वाट पाहणं लिहायला अवघड आहे आणि गाण्याच्या प्रसंगाला तेच जास्त उपयोगी.

स्वयंपाकघरात युद्ध ब्रह्मदेशाच्या वाटेने आलं. कोकणाचं भात सहा-आठ महिने पुरायचं, तुटीला रंगूनी तांदूळ. रंगून पडलं आणि तो बंद झाला. मुंबईत मे १९४३ पासून रेशन. पेज पातळ होते, नाचणी आणि कुळीथ वाढतं, साखरेची जागा गूळ घेतो, रॉकेल मिळेनासं होतं आणि उंडीच्या कडू तेलाचा दिवा परत कोनाड्यात येतो. त्याचा धूर आणि वास वेगळा, गीतांच्या पुस्तकाची पानं त्या उजेडात वाचवत नाहीत, म्हणून माणसं पाठ असलेलीच गीतं गातात. बघा, टंचाईचा तपशील थेट गाण्यात कसा उतरला. तपशील असा कामाला लागत नसेल तर तो कितीही खरा असो, गाळा.

नाण्यांवर लक्ष ठेवा. मधोमध भोक असलेला पैसा १९४३ पासूनचा. दानाच्या थाळीत तो १९४२ च्या नाताळला पडता कामा नये. एक रुपयाची नोट मात्र १९४० पासून परत चलनात आली होती.

गीत : निवडायचं की रचायचं

छापील गीत वापरायचं तर दोन प्रश्न विचारा. ते त्या साली होतं का? आणि त्यावर आज कुणाचा हक्क आहे का? भारतात लेखकाच्या मृत्यूनंतर ६० वर्षं हक्क राहतो. रेव्हरंड ना. वा. टिळक मूळचे रत्नागिरी जिल्ह्यातल्या करजगावचे, त्यांनी १८९५ मध्ये बाप्तिस्मा घेतला आणि १९१९ मध्ये ते वारले. अभंगाच्या आणि भजनाच्या वळणाची त्यांची गीतं १९४२ च्या प्रोटेस्टंट मंडळीच्या तोंडी शोभतात आणि हक्काचीही अडचण नाही. त्यानंतरच्या कवींची, अनुवादकांची तारीख मात्र तपासा. आज सर्रास गायली जाणारी, गिटारवरची स्तुतिगीतं बहुतेक अलीकडची आहेत. ती सवयीने लेखणीतून उतरतात आणि काळ मोडतात.

त्यापेक्षा दोन कडवी स्वतः रचणं सोपं आणि सुरक्षित. मोठ्या अभंगाचा साचा घ्या : चार चरण, अक्षरं ६, ६, ६, ४, दुसऱ्या आणि तिसऱ्या चरणाचं यमक. जोडाक्षर एकच धरायचं, ह्रस्व-दीर्घ मोजायचं नाही. नमुना :

वादळी सागरी, तूच माझी नाव,
देई पायी ठाव, प्रभुराया.

दूर रणांगणी, लेकरू एकले,
तुज सोपविले, सांभाळी त्या.

बोटांवर मोजा. वा-द-ळी-सा-ग-री सहा. तू-च-मा-झी-ना-व सहा. दे-ई-पा-यी-ठा-व सहा. प्र-भु-रा-या चार. नाव-ठाव आणि एकले-सोपविले ही यमकं. नवख्याची गडबड दोन ठिकाणी होते. एक, शेवटच्या चरणातही सहा अक्षरं भरतो, मग भजनात जिथे ओळ थांबून टाळ वाजायला जागा हवी तिथे श्वास उरत नाही. दोन, शब्द वर्तमानपत्रातले घेतो : ‘युद्धभूमीवर’, ‘शांतता’, ‘संरक्षण’. अभंगाला ठाव, लेकरू, सांभाळ, माउली हेच शब्द पेलतात.

ओवीही चालेल, विशेषतः जात्यावर बसलेल्या बाईच्या तोंडी. पहिले तीन चरण सारख्या यमकाचे, चौथा आखूड. साकी २८ मात्रांची, १६ वर विसावा. ती कीर्तनात शोभते, घरच्या प्रार्थनेत थोडी नाटकी वाटते.

पाश्चात्त्य चालीवरचं मराठी गीत हवं असेल तर त्याचा खडखडाटही दाखवा. इंग्रजी गीतांची एक अगदी नेहमीची ठेवण ८-६-८-६ अक्षरांची असते आणि तिचा पहिला ठोका हलका, दुसरा जड. मराठी ओळ ‘देवा’ने सुरू झाली की दीर्घ ‘दे’ हलक्या ठोक्यावर चेंगरतो आणि ‘वा’ लांबत जातो. मिशनरी बाई ऑर्गनवर तसंच म्हणायला लावते आणि मागच्या रांगेतल्या म्हाताऱ्या आपल्या वजनाने म्हणतात. अर्धा ठोका मागेपुढे असलेली ती उपासना ज्याने ऐकली आहे त्याला कागदावरही ती लगेच ओळखू येईल.

कथेत गीत किती? चार-पाच हजार शब्दांत तीन वेळा, एका वेळी दोन ते चार ओळी. अख्खं गीत छापलं की वाचक उडी मारून पुढे जातो.

गाण्याचा प्रसंग

दुःखाच्या प्रसंगी दुःखाचं गीत घालणं ही पहिली उडी. स्तुतिगीताची ताकद उलट्या बाजूला आहे : तोंड उघडवत नाही अशा दिवशीही ते म्हणायचं असतं. याचा साचा बायबलमध्येच सापडतो. स्तोत्र १३ सहाच वचनांचं आहे. सुरुवातीला ‘कुठवर’ असा प्रश्न चारदा येतो, शेवटी गाणारा गाईन म्हणतो, आणि मधे परिस्थिती काहीच बदललेली नसते. हबक्कूकच्या तिसऱ्या अध्यायात अंजिराला फुलोरा नाही, शेतात पीक नाही, गोठ्यात गुरं नाहीत, तरी आनंद करीन असं म्हटलं आहे. तांदूळ संपलेल्या ऑगस्टमध्ये पाळक हा उतारा वाचेल. मग मंडळीतल्या कुणाला तो आवडणार नाही, तेही ठरवा. सगळी मंडळी एकसुरात श्रद्धाळू असली की प्रसंग मरतो.

गाण्याची रीत कामाला लावा. भजनात एक जण ओळ सांगतो, बाकीचे उचलतात. ओळ सांगणाराच सैन्यात गेला असेल तर त्या जागी काय होतं? पहिल्या रविवारी ओळ कुणीच सांगत नाही आणि क्षणभर नुसता पेटीचा भाता हलत राहतो. मग दुसरा कुणी सुरू करतो, पट्टी जरा वरची धरतो, तिसऱ्या कडव्याला बायकांचा आवाज फाटतो. एवढ्यात मुलाचं नाव न घेता त्याची उणीव दिसली. ‘आईच्या डोळ्यांतून घळाघळा अश्रू वाहू लागले’ हे वाक्य मग लागत नाही.

पेटीबद्दल एक गोष्ट समजून घ्या. खाऱ्या हवेत पितळी पत्त्या हिरव्या पडतात, पावसाळ्यात लाकूड फुगून पट्टी खाली दाबलेलीच राहते, आणि तो एक सूर भाता हलतोय तोवर वाजत राहतो. वाजवणारा नखाने पट्टी वर काढतो, नाहीतर भाता सोडून देतो आणि मंडळी टाळांवर पुढे नेते. जुलैतल्या प्रसंगात पेटी अगदी सुरेल वाजली तर किनाऱ्यावरचा वाचक हसेल. कॅथलिक घरात पेटीऐवजी व्हायोलिन येऊ शकतं, दमट हवेत त्याच्या खुंट्यांचा वेगळा ताप असतो.

प्रसंगाचा खर्डा साधारण सहाशे शब्दांचा करा. पहिल्या दोनशेंत माणसं येतात, बसतात, कोण कुठे बसत नाही ते दिसतं. मधल्या दोनशेंत गाणं. उरलेल्या दोनशेंत माणसं चपला शोधतात, तांदळाचा भाव विचारतात, पोस्टमनची चौकशी करतात. नवखे शेवटचा तिसरा भाग लिहीतच नाहीत, गाण्यावरच पडदा टाकतात. चपलांचा भाग ठेवा.

बोली आणि प्रार्थनेची भाषा

एकाच माणसाच्या तोंडी दोन भाषा असतात. चुलीपाशी : “आये, पत्र इला.” “कोणाचा? वाच बघया.” आणि तासाभराने प्रार्थनेला उभा राहिल्यावर तोच : “हे दयाळू पित्या, जे दूर आहेत त्यांना तू आपल्या पंखांखाली सांभाळ.” दोन्ही खरे. मिशनच्या घरात प्रार्थना पुस्तकी मराठीत होई, कारण ती बायबलमधून आणि शाळेतून आलेली. लेखक दोहोंपैकी एकच पकडतो, मग माणसं एकतर नाटकातली वाटतात किंवा प्रवचनातली. बोली गावाप्रमाणे बदलते. रत्नागिरीच्या उत्तरेला ‘माका-तुका’ चालणार नाही. बोली येत नसेल तर साधं मराठी लिहा आणि चार-दोन क्रियापदंच बोलीतली ठेवा. उसनी बोली पानभर चालवू नका.

संबोधनं पक्की करा. प्रोटेस्टंट मंडळीत पाद्रीसाहेब, मडमसाहेब, मास्तर, बाई. कॅथलिकांत फादर. सासू सुनेला नावाने हाक मारेल, सून नवऱ्याचं नाव घेणार नाही. बाप्तिस्म्याने ही चाल मोडली नव्हती.

पडताळणी

खर्डा झाल्यावर तारखा, वस्तू, वाहनं आणि गीतं चार रंगांनी अधोरेखित करा आणि एकेक तपासा. युद्धात मेलेल्यांची नावं, पलटण आणि तारीख कॉमनवेल्थ वॉर ग्रेव्ह्ज कमिशनच्या संकेतस्थळावर शोधता येते. आपल्या पात्राच्या तुकडीतली माणसं त्या महिन्यात खरंच कुठे पडली ते तिथून कळतं. रत्नागिरी जिल्ह्याचं गॅझेटियर भात, बंदरं आणि रस्त्यांसाठी. चर्चची बाप्तिस्मा, लग्न आणि दफनाची नोंदवही पाहायला मिळाली तर नावांची ठेवण तिथून घ्या, पण कुणाचं संपूर्ण नाव आणि त्याच्या घरची हकिकत जशीच्या तशी उचलू नका. नातवंडं गावात असतात. नोंदवही मागताना पाळकांना आधी पत्र द्या, रविवारी उपासनेनंतर दारात गाठू नका, आणि फोटो काढण्याची परवानगी वेगळी विचारा.

शेवटी गीताच्या ओळी त्या मंडळीतल्या एखाद्या वयस्क बाईंना म्हणून दाखवा. वाचायला देऊ नका, म्हणून दाखवा. जिथे त्या आपसूक वेगळा शब्द घालतील तिथे तुमचा शब्द खोडा आणि त्यांचा ठेवा.